विटकरी रंगाची गोळी

दत्तोबाच्या दुकानात दाढीला बसलो होतो आणि कोणीतरी गुणगुणत होतं. डाव्या गालावरचा साबण उतरला होता, उजव्यावरचा तसाच होता आणि वस्तरा नेमका हनुवटीखाली आला होता. गुणगुणणारा बेसूर होता. एक लांब सूर, मग दोन तोकडे, की पुन्हा एक लांब. मला वाटलं, मागच्या बाकावर पेपर वाचत बसलेला कोणी असेल. दत्तोबानं वस्तरा हवेत धरला आणि आरशातून माझ्याकडे बघत म्हणाला, "सोपानराव, गायचं तर खुशाल गा, पण गळा हलवू नका. मला धंदा करायचाय." मी आरशात बाकाकडे पाहिलं. बाक रिकामा होता. गुणगुणत होतो तो मीच.

मी दचकलो. गळ्याशी वस्तरा नसता तर खुर्चीतून उठलोच असतो. अडीच वर्षांत माझ्या तोंडातून असला फालतू आवाज निघाला नव्हता. कामापुरतं बोलायचो, जेवायला वाढलं की जेवायचो, कोणी विचारलं तर "बरं आहे" म्हणायचो, पण बिनकामाचा आवाज नाही. आणि तो आता माझ्या परवानगीशिवाय आला होता, भाड्याच्या खोलीत जुना भाडेकरू किल्ली न मागता शिरावा तसा. आनंद व्हायला हवा होता. झालाही असेल. पण त्याच्या आधी एक प्रश्न आला आणि तो दाढी संपेपर्यंत हलला नाही. हा गुणगुणणारा कोण? मी, की ती गोळी? दत्तोबानं तुरटी फिरवली, ती झोंबली, आणि झोंबलेलंसुद्धा इतकं स्पष्ट लागलं की मी गालाला हात लावून बसलो. मधल्या काळात तुरटी झोंबल्याचं मला आठवत नाही.

सूर कुठला होता तेही दुकानाबाहेर आल्यावर कळलं. ती इंजिनाची शिट्टी होती. मी रेल्वेत आहे. लोणावळ्याच्या खाली, घाटात, एक केबिन आहे, तिथं मी केबिनमन. आमचं काम ऐकायला सोपं आहे. घाट उतरताना एखाद्या गाडीचे ब्रेक सुटले तर ती थेट पायथ्यापर्यंत बेफाम जाईल, म्हणून मुख्य रुळाला फाटा फोडून एक रूळ डोंगरावर चढवलाय आणि वर तसाच संपवलाय. त्याला कॅच सायडिंग म्हणतात. सांधा नेहमी त्या डोंगराच्या रुळाकडेच लावलेला असतो. म्हणजे येणारी प्रत्येक गाडी पळालेलीच आहे असं आम्ही धरून चालतो. गाडी येऊन केबिनपुढं उभी राहिली म्हणजे ती शहाणी ठरते. मग ड्रायव्हर शिट्टी मारतो, एक लांब, दोन तोकड्या, आणि मी लिव्हर ओढून तिला खालचा मुख्य रूळ देतो. नाही थांबली तर आपली आपण डोंगर चढते आणि दमून उभी राहते. पंधरा वर्षं मी हे करतोय, एकही पळालेली गाडी पाहिली नाही. पळालो तो मीच.

बाजारातून घरी जाताना मी मुद्दाम हळू चाललो. माघ संपत आला होता. ऊन पाठीवर हात ठेवल्यासारखं होतं, चिक्कीवाल्याच्या भट्टीवर गूळ कढत होता आणि त्याचा वास नाकात न थांबता पार पोटापर्यंत जात होता. हे सगळं रोज इथंच असणार. अडीच वर्षं मी ह्याच रस्त्यानं गेलो असणार. सगळ्यावर एक मळकट ओलं धोतर पसरलं होतं आणि मला वाटायचं की जग असंच आहे, हे आपल्याला आता कळलं एवढंच. दुःखातली ही सगळ्यांत वाईट गोष्ट. ते दुःख वाटतच नाही, शहाणपण वाटतं.

आणि कारण नव्हतं. हे मी कोणाला सांगू शकलो नाही. आमच्याकडे पोटात दुखलं तर काय खाल्लंस विचारतात, तसं मन दुखलं तर काय झालं विचारतात, आणि "काही नाही" म्हटलं की माणूस काहीतरी लपवतोय असं ठरतं. ज्यानं त्यानं मग आपापलं कारण आणून दिलं. वडिवळ्याहून आई, कस्तुराबाई, आली आणि बोगद्यातल्या कुणाची तरी सावली पडली म्हणाली. शेजारच्यांनी साहेबाचा जाच ठरवला. बायको, शालू, काहीच बोलली नाही, पण तिला वाटत होतं की कारण तीच आहे, हे तिच्या वाढण्यावरून दिसायचं. शेवटी लाजेखातर मीच एक कारण शोधून काढलं. माझा धाकटा भाऊ बजरंग लहानपणी तापानं गेला. तो गेला त्या दुपारी मी ओढ्यावर खेकडे धरत होतो. इतकी वर्षं तो मला पितृपक्षात एकदा आठवायचा. आता मी त्याला रोज आठवू लागलो, खेकड्यांसकट. चांगलं कारण होतं, कोणीही ऐकून मान हलवील असं. हळूहळू मलाही ते खरं वाटायला लागलं. आता चिक्कीच्या वासात चालताना बजरंग पुन्हा आठवला, तर तो चड्डीच्या खिशात खेकडा ठेवून बोंबलत नाचत होता. मला हसू आलं. त्याच्या पाठोपाठ लाज वाटली. पाच आठवड्यांच्या गोळ्यांनी भावाचं मरण हलकं होत असेल, तर ते जड होतं तेव्हा तरी माझं होतं का?

गोळी विटकरी रंगाची, मसुराएवढी, वरून साखरेचं कवच. पुण्याच्या डॉक्टरांनी दिलेली. त्यांच्यापर्यंत मला नेलं सखारामनं. सखाराम बँकर इंजिनाचा ड्रायव्हर. कर्जतहून घाट चढणाऱ्या गाडीला मागून ढकलायला जादा इंजिन लावतात, ते बँकर. लोणावळ्याला गाडी पोचवून ते एकटंच खाली परत जातं आणि माझ्या केबिनपुढं थांबतं. तसंच एकदा, पौषातल्या एका सकाळी, ते थांबलं. सखारामनं शिट्टी मारली. मी ऐकली. उठून लिव्हरपाशी गेलो, हात लावला, आणि हात तिथंच राहिला. ओढायची नव्हती असं नाही. ओढायची कशासाठी हे सापडत नव्हतं. त्यानं पुन्हा शिट्टी मारली. किती वेळा मारली मला माहीत नाही, तो सात म्हणतो. मग पायऱ्या चढून वर आला आणि माझ्या शेजारी उभा राहिला. रागावला नाही. "सोपान, वढतूस न्हवं?" एवढंच म्हणाला, बैलाशी बोलावं तसं. मी लिव्हर ओढली आणि रडायला लागलो. नुकसान कोणाचं झालं नाही, सांधा डोंगराकडंच होता. पण सखारामनं ते कुठंही सांगितलं नाही आणि सुट्टीच्या दिवशी मला गाडीत घालून पुण्याला नेलं. "डोक्याचा डागदर हाय," त्यानं वाटेत सांगितलं, "पर आपुन छाती दावाय चाललोय आसं सांग गावात."

डॉक्टर माझ्याहून लहान होते. त्यांनी कारण विचारलं नाही, झोप विचारली. पहाटे किती वाजता जाग येते, जेवणाला चव लागते का, सकाळी वाईट वाटतं की संध्याकाळी. मी सांगत गेलो आणि ते लिहीत गेले, जणू मी सांगतोय ते सगळं त्यांच्याकडं आधीच छापलेलं होतं. बजरंगची गोष्ट मी सांगितली, खेकड्यांसकट. त्यांनी ऐकून घेतली आणि म्हणाले, "भाऊ गेल्याचं दुःख खरंच आहे. पण ते बावीस वर्षं कुठं होतं?" मग त्यांनी समजावलं. मेंदूत म्हणे कोट्यवधी पेशी असतात, एकीचा निरोप दुसरीला पोचवायला काही रसायनं लागतात, आणि काही माणसांत कधीतरी ती कमी पडतात असं आता लोक म्हणू लागलेत. गोळी ती टिकवून धरत असावी. मी विचारलं, असावी म्हणजे? ते हसले. "नक्की कोणालाच माहीत नाही हो. ही गोळी दुसऱ्याच आजारावर करून बघत होते, तर उदास माणसं बरी झाली. आणखी एक औषध परदेशात क्षयाच्या लोकांना देत होते. काहींची छाती होती तशीच, पण माणसं वॉर्डात नाचायला लागली. तेव्हा कुठं डॉक्टरांच्या लक्षात आलं." मला ते नाचणारे क्षयरोगी फार आवडले. त्या दिवशी आवडलेली तेवढी एकच गोष्ट. "गुण यायला तीन आठवडे लागतील," डॉक्टर म्हणाले, "तोवर फक्त त्रासच जाणवेल. आणि बरं वाटलं म्हणून मनानं बंद करायची नाही. सहा महिने तरी."

त्रास जाणवला. तोंडाला कोरड पडायची, हात बारीक थरथरायचा, सकाळचा कार्यक्रम दोन दोन दिवस व्हायचा नाही. तीन आठवडे मी वाट पाहिली, म्हणजे शालूनं पाहिली, मी फक्त गिळल्या. मग एका सकाळी पिठल्यात मीठ जास्त झालंय असं मी म्हणालो आणि शालू पदरात तोंड घालून स्वयंपाकघरात गेली. मला वाटलं, रागावली. दुसऱ्या दिवशी आमची चौथीतली मुलगी पाटी घेऊन आली आणि काही न बोलता माझ्या मांडीवर ठेवून गेली. पाटी दाखवायची तिनं केव्हा सोडली होती ते मला आठवेना. आणि आज, पाचव्या आठवड्यात, दत्तोबाच्या खुर्चीत, ही शिट्टी.

घरी आलो तर आई दारात बसलेली. वडिवळ्याहून सकाळच्या गाडीनं आली होती. शालूनं कुणाकरवी तरी निरोप धाडला होता की हे सुधारतायत, आणि आईला खात्री करून घ्यायची होती, कारण मामला तिच्या शब्दाचा होता. दसऱ्याला तिनं डोंगरावरच्या वाघजाईला नवस बोलला होता, माझा सोपान पोट धरून हसला की तुला पुरणाच्या एकवीस पोळ्या. नुसता हसला असं नाही, पोट धरून. आई व्यवहाराला पक्की आहे. त्यामुळं ती मी जेवायला बसलो की समोर बसायची आणि माझ्या तोंडाकडं बघत राहायची. असं कोणी बघत असलं तर माणसाला ठसकासुद्धा लागत नाही. मी आपला ओठ ताणायचो. "आसं न्हवं," ती म्हणायची, "आसं तू लहानपनी एरंडेल पिताना करायचास."

तिसऱ्या दिवशी तिनं गोळ्यांची बाटली पाहिली. शालूनं छातीचं औषध म्हणून सांगितलं, पण आईला शालूचं खोटं तोंडावरच वाचता येतं. "डोस्क्याचं हाय व्हय?" ती म्हणाली. मग माझा थरथरणारा हात तिनं आपल्या दोन्ही हातांत धरला. "बघ कसा कापतुया. त्वांड वाळतंय, रातध्याड पानी पितूस. गुन दिला वाघजाईनं, आन् नाव मातुर गोळीचं? त्या डोंगरावरच्या बयेला काय वाटंल? आता सोड ती. नवस फेडायच्या आदी सोड, न्हायतर फेडल्यावानी व्हायचं न्हाई." ती भांडत नव्हती, घाबरली होती. एक पोर तापात डॉक्टरचं औषध पाजूनही गेलं होतं, हे तिच्या हाताच्या पकडीत होतं. मी सोडीन म्हणालो. तिला बरं वाटावं म्हणून नव्हे. दत्तोबाच्या दुकानापासून माझंही तेच चाललं होतं. गोळी सोडून बघू, हसू राहिलं तर माझं, गेलं तर गोळीचं.

दुसऱ्या दिवशी ड्युटीवर सखारामचं इंजिन थांबलं तेव्हा मी खिडकीतून त्याला हे सांगितलं. त्यानं तंबाखू मळता मळता ऐकलं. "बँकर मागं लावला म्हंजी गाडी बँकरची झाली व्हय? पाशिंजरं तर आपापल्याच गावाला उतरत्यात."

"पण लोणावळ्याला बँकर सुटतोच की," मी म्हणालो. "पुढं गाडी आपल्या जोरावर जाते."

"जाती ना. पर लोनावळ्याला सोडत्यात. तू मंकी हिलला सोडाय निगालास. अर्ध्या घाटात. तितं सोडला तर गाडी कुनीकडं जाईल?"

"मागं."

"मंग? केबिनमन हाईस न्हवं तू?" तो आत गेला आणि शिट्टी मारली, एक लांब, दोन तोकड्या, जरा जास्तच जोरात. मी लिव्हर ओढली. त्याचं म्हणणं बरोबर होतं आणि मला पटलं नव्हतं. माणूस म्हणजे गाडी नाही, असं मी स्वतःशी म्हणालो, आणि खाली जाणाऱ्या इंजिनाच्या आवाजात आपण चक्क वाद घालतोय, म्हणजे बरे झालोय, हेही लक्षात आलं.

शालूनं सगळ्यांत शेवटी तोंड उघडलं. चुलीपुढं बसली होती, मी पाटावर, आणि माझ्या नकळत ती शिट्टी पुन्हा तोंडातून निघाली. तिच्या हातातली भाकरी थांबली. तव्यावरची नव्हे, हातातली, थापता थापता. मान वर न करता ती म्हणाली, "वारा घाटाकडनं आसला की ही शिट्टी हितं ऐकू येती. ठावं हाय?" मला ठाऊक नव्हतं. "अडीच वर्सं तुमी ड्यूटीवर गेला की मी कान देऊन बसायची. शिट्टी झाली की हातातलं काम टाकायची. मागनं गाडी हलल्याचा आवाज आला की समजायचं, ह्यांनी वढली. हायती अजून." ती पुन्हा थापायला लागली. "त्या दिशी सात शिट्ट्या झाल्या. गाडी हलंचना."

मला करपलेल्या भाकऱ्या आठवल्या. त्या दिवसांत आमच्या घरची भाकरी एका बाजूनं नेहमी काळी असायची आणि मी ती निमूट खायचो, हिचंही लक्ष लागत नाही आता, असं समजून. म्हणजे तव्यावरची भाकरी उलटायची ती गाडी हलल्यावर. केबिनमध्ये मी हातात लिव्हर धरून कशासाठी असं विचारत होतो, तेव्हा इथं एक भाकरी करपत होती. "कोन हसतंय ते तुमी इचारत बसा," शालू म्हणाली, "मला न्हाई इचारायचं. घरात हसू हाय तेवढं बास." मला तिच्याकडं बघवेना. गोळी सोडीन की ठेवीन हे तरीही मी बोललो नाही, कारण आईला शब्द दिला होता आणि शालूला देण्याजोगा धीर नव्हता. "देवीलाच विचारू," मी म्हणालो. आपल्याला ठरवता आलं नाही की आपण देवाला पुढं करतो, हे काही नवीन नाही.

मंगळवारी आम्ही वडिवळ्याला गेलो. कामशेतला उतरून चालत, शालूच्या डोक्यावर पोळ्यांची टोपली, मी हसलोच तर नवस तिथंच फेडू म्हणून आईनं भरून घेतलेली, मागं सखाराम, ज्याला कोणी बोलावलं नव्हतं पण पुरणाचा वास लागला होता. रानात पांगारे फुलले होते. वाघजाईचं ठाणं म्हणजे डोंगराच्या कडेला चार दगडी भिंती, आत शेंदूर माखलेली शिळा आणि पुढं भिमाजी गुरव. आमच्याकडं देवीला प्रश्न विचारायचा म्हणजे कौल लावतात. सुपारीची दोन खांडं पाण्यात भिजवून देवीच्या छातीला डावी-उजवीकडं चिकटवायची. उजवं आधी पडलं तर होय, डावं पडलं तर नाही. भिमाजीनं सुपारी काढली तर आई म्हणाली, "सुपारी कशाला? इचारायचं गोळीचं, तर गोळीच लाव. तिला बी कळू दे कशाबद्दल चाललंय." भिमाजी तयार होईना. असं आजवर कोणी लावलं नव्हतं. आईनं त्याला त्याच्या बापाची आठवण करून दिली, जो म्हणे कुठल्याही वस्तूचा कौल लावायचा, अगदी रेड्याच्या खुराचासुद्धा, आणि त्यानं मुकाट्यानं माझ्या बाटलीतल्या दोन गोळ्या तांब्यात बुडवल्या आणि लावल्या. उजवी पडली तर चालू ठेवायची, डावी पडली तर बंद.

आम्ही बसलो. सुपारी घटकाभरात सुकते आणि पडते. गोळ्या पडेनात. मला समजायला हवं होतं, वर साखरेचं कवच आहे आणि ते तांब्यात विरघळलंय. पण त्या क्षणी माझं डोकं रसायनात नव्हतं. मी त्या दोन विटकरी ठिपक्यांकडं बघत होतो आणि माझ्या आत काहीतरी हळूहळू एका बाजूला कलत होतं. आधी मला वाटलं, भूक असेल. मग लक्षात आलं की मी उजव्या गोळीला मनातल्या मनात ढकलतोय. पड, पड आता. मला हवं होतं. अडीच वर्षं मला काही म्हणजे काही हवं नव्हतं, पाणीसुद्धा तहान म्हणून नव्हे, पाजलं म्हणून प्यायचो. आणि आता पांगाऱ्याच्या लाल रानात, पाठीला दगड टोचत असताना, मला सकाळी पिठलं खारट लागायला हवं होतं, मुलीची पाटी हवी होती, एका बाजूनं न करपलेली भाकरी हवी होती, बजरंगला खिशात खेकडा घालून नाचताना बघायचं होतं. हे हवंसं वाटणं रसायनाचं की माझं, हा प्रश्न आला, दारात उभा राहिला, आणि मी त्याला बस म्हटलं नाही. डावीकडं पाहायची मला भीती वाटत होती. भीतीसुद्धा किती दिवसांनी कामाची वाटत होती.

सूर्य डोक्यावर आला. पोळ्या गार झाल्या. कौल मिळेपर्यंत नैवेद्य दाखवता येत नाही, त्यामुळं सखाराम टोपलीकडं पाठ करून बसला होता. गोळ्यांचा विटकरी पाक देवीच्या छातीवरून ओघळून खाली आला आणि पायरीवरून मुंग्यांची एक रांग वर चढू लागली. भिमाजीनं फुंकर मारून पाहिली, घंटा वाजवून पाहिली, शेवटी म्हातारीकडं न बघता म्हणाला, "कस्तुराबाय, माज्या जल्मात आसं न्हाई झालं. देवी व्हय बी म्हणंना, न्हाई बी म्हणंना. तिनं ठिवून घेतल्या." मी आईकडं पाहिलं. तिच्या तोंडावर राग येईल, भीती येईल असं मला वाटलं. ती देवीकडं बराच वेळ बघत राहिली, मग तिच्या कपाळावरच्या आठ्या सुटल्या, आणि बाई बाईबद्दल बोलते तशा आवाजात ती म्हणाली, "आरं, तिला बी लागत आसंल. हितं डोंगरावर एकलीच बसती. बोलाय न्हाई, चालाय न्हाई, वरीसभर कुनी फिरकत न्हाई, आन् आलं की ज्यो त्यो आपलंच रडगानं. तिला कुनी इचारलंय का, बाई, तुजं कसं हाय?"

मी हसलो. आधी नाकातून आलं, मी दाबलं, मग पोटातून आलं आणि दाबता येईना. मला ती वाघजाई दिसली, पुण्याच्या डॉक्टरांपुढं बाकावर बसलेली, पहाटे जाग येते का, जेवणाला चव लागते का, आणि ती मान हलवत होती, एकवीस पोळ्या खाऊनसुद्धा नाही लागत म्हणून. हसता हसता मी भिंतीला टेकलो, दोन्ही हातांनी पोट धरलं, डोळ्यांतून पाणी यायला लागलं. सखाराम हसायला लागला, त्याचं बघून भिमाजी. शालू हसत नव्हती, ती माझ्याकडं बघत होती, कान देऊन. आई उठली, माझ्या पोटावरचे हात तिनं नीट पाहिले, खात्री केली आणि टोपलीवरचं फडकं काढलं. "झाला नवस," ती भिमाजीला म्हणाली. "दाव निवद. आन् पोरी, ह्याची दुपारची ऱ्हायली न्हवं? दे त्याला. देवीनं दोन घेतल्या, ह्यानं एक घ्यायला काय हुतंय." शालूनं बाटली उघडून गोळी माझ्या हातावर ठेवली. मी ती गिळली. वरची साखर गोड लागली, तीही पहिल्यांदाच.

शनिवारी पुण्याला गेलो तेव्हा डॉक्टरांनी बाटली पाहिली आणि दोन गोळ्या आधी कशा संपल्या विचारलं. चुकून जास्त घेतल्या का, म्हणून ते जरा काळजीत पडले. मी सगळं सांगितलं. ते गंभीर होऊन ऐकत राहिले, शेवटी लेखणी खाली ठेवून म्हणाले, "तुमच्या आईंना सांगा, गुण यायला तीन आठवडे लागतात. तोवर देवीनं घाई करायची नाही." मी हे आईला कळवलं, थट्टा म्हणून. आई थट्टा ऐकत नाही, निरोप ऐकते. बरोबर तीन आठवड्यांनी ती डोंगर चढून वर गेली. त्या दिवशी मी ड्युटीवरून घरी आलो तेव्हा घाटाकडून वारा होता, भाकऱ्या दोन्ही बाजूंनी पांढऱ्या होत्या, आणि दोन दिवसांनी आईनं सांगून भिमाजीकडून लिहवलेलं पोस्टकार्ड आलं. मी ते दारातच उभ्यानं वाचलं. "डावी मुंग्यांनी नेली. उजवी आजून तशीच चिकटून हाय. आज दोन पोळ्या घेऊन गेलते, घटकाभर बसून तिच्याशी बोलले. देवी बरी हाय. तुजं कळव."